कोर्ट नागपुरात, वावर इथं

पत्र : नमस्कार वकीलसाहेब. मी यवतमाळ जिल्ह्यातली. मालक जाऊन सहा वर्षं झाली, पोरगं बारावीला आहे. पाच एकर वावर मीच पाहते. वावरात जायची पांधण माझ्या चुलत दिराच्या धुऱ्यावरून (बांधावरून) जाते, सासऱ्यांच्याही आधीपासून. मालक गेल्यावर दिरांनी धुरा वखरून टाकला आणि तोंडाशी बाभळीच्या काट्या लावल्या. तहसीलदारांनी आठ फुटांचा रस्ता मोकळा करून द्यायचा आदेश दिला. दिरांनी एसडीओकडे (उपविभागीय अधिकाऱ्याकडे) अपील केलं, ते खारीज झालं, तरी रस्ता खुलला नाही. शेवटी नागपूरला हायकोर्टात गेली. मागच्या जूनमध्ये कोर्टानं सांगितलं, प्रत मिळाल्यापासून आठ आठवड्यांत तहसीलदारांनी आपल्याच आदेशाची अंमलबजावणी करावी, लागला तर पोलीस बंदोबस्त घ्यावा. प्रत मी २ जुलैला आवक शाखेत दिली, शिक्का आहे. तहसीलदार म्हणाले, आता पऱ्हाटी (कपाशी) उभी आहे, निघू द्या. मग निवडणूक आली, मग त्यांची बदली झाली. नवीन साहेब म्हणतात, फाईल पाहतो. यंदाचा कापूस डोक्यावर गाठोडी वाहून काढला. दीर म्हणतात, कोर्ट नागपुरात हाय, वावर इथं हाय. माझे वकील म्हणतात, अवमान याचिका टाकू, म्हणजे कोर्टाचा आदेश पाळला नाही अशी तक्रार कोर्टापुढेच करू. गावातले म्हणतात, तहसीलदार जेलात जाईल. मला कोणाला जेलात टाकायचं नाही, पण दिराला धडा मिळावा असं वाटते. याचिका टाकू का? पुढं तहसीलवाले माझ्यावर डूख धरतील का? रस्ता खुलेल का? आणि दर तारखेला नागपूरला जावं लागेल का?

उत्तर : ताई, याचिका टाका, आणि येत्या महिन्याभरात टाका. पण ती कशासाठी टाकायची, हे आधी मनाशी पक्कं करा. तुमच्या पत्रात दोन इच्छा आहेत, एक रस्त्याची आणि एक दिराला धडा मिळावा ही. पहिली पूर्ण व्हायची शक्यता चांगली आहे. दुसरीसाठी हा कायदा नाही, आणि ती मनात ठेवून नागपूरची एसटी धरलीत तर निराश होऊन परत याल.

घाई करायला का सांगतो, ते आधी. न्यायालय अवमान कायदा १९७१ चा आहे. त्याचं कलम २० सांगतं की अवमान घडला त्या तारखेपासून एक वर्ष उलटलं की कोर्ट कारवाई सुरू करत नाही. तुमच्या बाबतीत अवमान आदेशाच्या दिवशी घडला नाही, मुदत संपली त्या दिवशी घडला. प्रत २ जुलैला दिली, त्यापुढे आठ आठवडे म्हणजे २७ ऑगस्ट. तिथून वर्ष मोजायचं. म्हणजे हातात दोन-सव्वादोन महिने आहेत. वर्षाच्या आत याचिका दाखल झाली की पुरे, असं सर्वोच्च न्यायालयाने २००१ साली पल्लव शेठ प्रकरणात सांगितलेलं आहे, त्यामुळे पुढे सुनावणीला उशीर झाला तरी त्याचा भुर्दंड तुमच्यावर नाही. पण दाखल व्हायलाच उशीर झाला तर ‘रस्ता रोजच बंद आहे, म्हणजे अवमान रोजच चालू आहे’ असा युक्तिवाद वकिलांना करावा लागेल. तो कधी टिकतो, कधी टिकत नाही. शिक्का हातात असताना त्या वाटेला जायचं कारण नाही. त्या पोचपावतीच्या दोन झेरॉक्स काढा आणि मूळ प्रत कोणालाही देऊ नका. तहसीलच्या माणसालाही नाही आणि वकिलांच्या कारकुनालाही नाही.

आता मुद्द्याचं. आदेश पाळला गेला नाही, एवढ्याने अवमान सिद्ध होत नाही. तो जाणूनबुजून मोडला असं दाखवावं लागतं. तहसीलदारांचा बचाव काय असेल, ते तुम्ही पत्रातच लिहून पाठवलं आहे : पीक उभं होतं, निवडणुकीचं काम होतं, बदली झाली. यातलं पहिलं कारण जुलै-ऑगस्टमध्ये कोर्टाला थोडंफार पटलंही असतं. उभ्या पऱ्हाटीत जेसीबी घालायला कोणताही अधिकारी बिचकतो. पण ताई, आपल्याकडे पऱ्हाटी किती दिवस उभी राहते? उलंगवाडी (कापसाची शेवटची वेचणी) झाली, पऱ्हाट्या उपटून झाल्या, की होळीपासून मृगापर्यंत वावर उघडंबोडकं असतं. तीन महिने त्या धुऱ्यावर गवताची काडी नव्हती, आणि त्या तीन महिन्यांत तलाठी, मंडळ अधिकारी किंवा पोलीस यांच्यापैकी कोणी तिकडे फिरकलं नाही. तुमचं अख्खं प्रकरण या तीन महिन्यांवर उभं आहे. पहिल्या नकाराला कारण होतं, दुसऱ्याला नव्हतं. ज्याला खरोखर अडचण असते तो अधिकारी कोर्टाकडे मुदतवाढीचा अर्ज करतो. सरकारी वकील नागपुरात बसलेलेच असतात, त्यांच्यामार्फत पानभर अर्ज टाकायचा असतो. तुमच्या तहसीलदारांनी तो टाकला का, हे वकिलांना आधी विचारा. टाकला नसेल तर ते मौन याचिकेत ठळक लिहायला लावा.

मार्च-एप्रिलमधला मोकळ्या वावराचा एखादा फोटो कोणाच्या मोबाइलमध्ये असेल तर शोधा. पोरानं सहज काढलेला असला तरी चालेल, तारीख दिसली पाहिजे. काट्यांचं कुंपण आणि मागे मोकळी काळी जमीन, असा एक फोटो वकिलांच्या दहा पानांपेक्षा जास्त बोलतो.

नवीन तहसीलदारांची गोष्ट वेगळी आहे. अवमान खुर्चीने होत नाही, माणसाने होतो, म्हणून याचिकेत अधिकाऱ्याचं नाव लिहावं लागतं. मुदत संपली तेव्हा जे होते, ते एक. आज जे आहेत, ते दुसरे. पण आजच्या साहेबांना आदेश माहीत आहे हे तुम्हाला दाखवता आलं पाहिजे, आणि ‘फाईल पाहतो’ हे ते तोंडी म्हणाले आहेत. उद्या शपथपत्रात ते लिहितील की आदेश माझ्या निदर्शनास आणलाच गेला नव्हता. म्हणून याच आठवड्यात वकिलांकडून एक नोटीस पाठवा. सोबत हायकोर्टाच्या आदेशाची प्रत, मूळ आदेशाची प्रत आणि अपील खारीज झाल्याचा कागद जोडा. एक स्पीड पोस्टाने जाऊ द्या, एक हातोहात देऊन शिक्का घ्या. मुदत सात दिवसांची द्या, जास्त नको. मृग लागला आहे, पाऊस एकदा पडला की दीर पहिल्यांदा त्या धुऱ्यावरच तिफण घालतील आणि पीक उभं असल्याचं कारण तहसीलला पुन्हा आयतं मिळेल. नोटिशीतच लिहायला सांगा की आदेशातल्या आठ फुटांच्या पट्ट्यात पेरा झाला तर तो हायकोर्टाचा आदेश असताना झालेला पेरा आहे आणि ती सबब चालणार नाही.

अशा नोटिशीनंच रस्ता खुलल्याची उदाहरणं मी तालुक्याच्या कोर्टात पुष्कळ पाहिली आहेत. याचिकेचंही तसंच असतं. दाखल झाली, कोर्टाने नोटीस काढली, ती तहसीलमध्ये पोचली, की त्या कार्यालयात जी धावपळ होते ती बघण्यासारखी असते. वर्षभर न सापडलेली फाईल दुपारच्या चहाआधी टेबलावर येते. पुढच्या तारखेला ‘आदेशाचं पालन केलं आहे’ असं शपथपत्र येतं, झालेल्या उशिराबद्दल बिनशर्त माफी असते आणि कोर्ट याचिका निकाली काढतं. बहुसंख्य अवमान याचिका अशाच संपतात. अवमान याचिकेचा खरा उपयोग तो आहे, आणि तुम्हाला हवं आहे तेही तेवढंच.

तर जेलचं काय? कायद्यात शिक्षा आहे : सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. आदेश न पाळण्याच्या अवमानाला शक्यतो दंडच करावा, दंडाने भागत नसेल तरच कैद, असंही त्याच कलमात आहे. मनापासून मागितलेली माफी कोर्ट स्वीकारू शकतं. त्यामुळे पारावर बसून तहसीलदाराला जेलात पाठवणाऱ्यांचं फार मनावर घेऊ नका. असं कधी होतच नाही, असंही नाही. २००६ साली लाकूड कारखान्यांच्या परवान्यांवरून सर्वोच्च न्यायालयाने आपल्याच राज्याचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना महिनाभराची कैद दिली होती आणि त्यांची माफी नाकारली होती. अगदी अलीकडे, मे २०२५ मध्ये, आंध्र प्रदेशातल्या एका उपजिल्हाधिकाऱ्याचं प्रकरण आपल्या अमरावतीच्या भूषण गवईंच्या खंडपीठापुढे आलं. हा माणूस तहसीलदार असताना त्याने हायकोर्टाचा मनाई हुकूम असूनही गरिबांच्या झोपड्या पाडल्या होत्या. हायकोर्टाने दोन महिन्यांची कैद दिली होती. सर्वोच्च न्यायालयाने कैद काढली, पण त्याला उपजिल्हाधिकारी पदावरून खाली आणून पुन्हा तहसीलदार केलं, आणि वर एक लाखाचा दंड. माझ्या मते कैदेपेक्षा हे जिव्हारी लागणारं आहे. पण फरक लक्षात घ्या. तिथे अधिकाऱ्याने कोर्टाने नको म्हटलेलं केलं, तुमच्या तहसीलदारांनी कोर्टाने कर म्हटलेलं केलं नाही. कोर्ट आळसाला आणि मुजोरीला एकाच तराजूत घालत नाही. जानेवारी २०२४ पासून तर अधिकाऱ्यांना ऊठसूट कोर्टात उभं करू नये, शक्य तिथे व्हिडिओवरून हजर राहू द्यावं, असे सर्वोच्च न्यायालयाचे दंडकच आहेत. साहेब हात जोडून उभे आहेत हे दृश्य पाहायला मिळेल, या आशेवर राहू नका.

दुसऱ्या वाचकांसाठी एक गोष्ट मध्येच सांगून टाकतो, कारण अशी पत्रं दर महिन्याला येतात. आदेशाचा शेवटचा परिच्छेद नीट वाचा. ताईंच्या आदेशात ‘अंमलबजावणी करावी’ आहे, म्हणून त्यांचं प्रकरण भक्कम आहे. पुष्कळांच्या आदेशात ‘अर्जदाराच्या निवेदनावर कायद्यानुसार निर्णय घ्यावा’ एवढंच असतं. तिथे अधिकाऱ्याने निर्णय घेतला, अगदी तुमच्या विरुद्ध आणि साफ चुकीचा घेतला, तरी आदेश पाळला गेला. मग अवमान याचिका टाकून उपयोग नाही, त्या नव्या निर्णयाला नव्याने आव्हान द्यावं लागतं. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९६ च्या परिहार प्रकरणापासून हे ठरून गेलेलं आहे. धरणात गेलेल्या जमिनीच्या वाढीव मोबदल्यासारखी पैशाची गोष्ट असेल तर आधी खालच्या कोर्टात दरखास्त, म्हणजे हुकुमाच्या वसुलीचा अर्ज, लावा. कलेक्टर ऑफिसच्या खुर्च्या आणि गाडीवर जप्तीचा वॉरंट घेऊन बेलीफ गेल्याच्या बातम्या तुम्ही वाचल्याच असतील, त्या दरखास्तीतूनच येतात.

आता दीर. हायकोर्टाचा आदेश तहसीलदारांना आहे, दिरांना नाही. मी तुम्ही पाठवलेली प्रत दोनदा वाचली, त्यात त्यांच्याविषयी एक ओळही नाही. ते प्रतिवादी होते, त्यांना सगळं माहीत आहे, पण कोर्टाने त्यांना काही कर किंवा करू नको असं सांगितलेलं नाही. म्हणून आज त्यांना अवमान याचिकेत ओढलं तर त्यांचे वकील पहिल्या पाच मिनिटांत हाच मुद्दा काढतील आणि तुमच्या भक्कम याचिकेला भावकीच्या भांडणाचा वास येईल. तोच वास तहसीलदारांना हवा असतो : ‘साहेब, हा दोन घरांतला वाद आहे, आम्ही मध्ये सापडलो.’ ही संधी देऊ नका. उद्या अधिकारी बंदोबस्त घेऊन आले आणि दीर जेसीबीपुढे आडवे झाले, तर गोष्ट बदलते. कोर्टाचा आदेश माहीत असून तो अमलात येऊ न देणारा माणूस स्वतःही अडचणीत येतो, शिवाय सरकारी कामात अडथळ्याचा गुन्हा वेगळा. त्या दिवशी तुम्ही आणि पोरगं काही बोलू नका, फक्त व्हिडिओ घ्या. आणि सहा वर्षं डोक्यावर वाहिलेल्या कापसाची भरपाई हवी असेल तर तो वेगळा दिवाणी दावा आहे. अवमानाचं कोर्ट मूळ आदेशात नव्हतं ते काही नव्याने देत नाही.

डूख धरण्याविषयी तुम्ही विचारलं, आणि मला वाटतं झोप त्यानंच उडाली आहे. तहसीलदार फार तर दोन-तीन वर्षं असतात. त्यांच्यावर अशा याचिका येत-जात राहतात, बहुतेकजण मनाला लावून घेत नाहीत, काहीजण तर आतून सुटकेचा श्वास सोडतात. गावातल्या पुढाऱ्याचा फोन आला तर ‘माझ्या हातात काही नाही, हायकोर्ट आहे’ असं सांगायची सोय होते. खरी काळजी तलाठ्याची घ्या. अतिवृष्टीचा पंचनामा, पीक पाहणी, वारसाची नोंद, सातबाऱ्यावरचा बोजा, सगळ्यासाठी तुम्हाला त्याच्याच दारात जायचं आहे, आणि त्याला नागपूरच्या याचिकेत आठव्या नंबरचा प्रतिवादी केलंत तर ते तो विसरणार नाही. वकील कधी कधी जोर यावा म्हणून कलेक्टरपासून कोतवालापर्यंत सगळ्यांची नावं घालतात. तुम्ही स्पष्ट सांगा, ज्याला आदेश आहे तो तहसीलदार, बाकी कोणी नको. आणखी एक, याचिका दाखल झाल्यावर वार्ताहर विचारायला येतील. ‘तहसीलदाराला न्यायालयाचा दणका’ या मथळ्याचा मोह होतो, पण तुमचा रस्ता मथळ्याने खुलत नाही आणि माणूस मात्र कायमचा दुखावतो. ‘प्रकरण कोर्टात आहे’ म्हणा आणि चहा पाजून वाटेला लावा.

खर्चाचं तुम्ही विचारलं नाही, पण वकिलांनी आकडा सांगितला असणार. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ प्रमाणे बाईमाणसाला उत्पन्न कितीही असो, सरकारी खर्चाने वकील मिळतो. नागपूरच्या हायकोर्टातच विधी सेवा उपसमितीचं कार्यालय आहे, तालुक्याच्या कोर्टात तालुका समिती आहे. तुमचे आधीचे वकील चांगले असतील आणि फी झेपत असेल तर त्यांनाच ठेवा, त्यांना प्रकरण पाठ आहे. झेपत नसेल तर दागिना गहाण टाकू नका, अर्ज टाका.

आता सगळ्यात नाजूक जागा. रस्ता कागदावर खुलायला वेळ लागत नाही. मंडळ अधिकारी येतात, काट्या बाजूला होतात, पाच पंचांच्या सह्या होतात, ‘रस्ता मोकळा करून अर्जदारास ताबा दिला’ असं लिहिलं जातं आणि तुमचा अंगठा किंवा सही घेतली जाते. चार दिवसांनी काट्या जागेवर. मग तहसीलदार म्हणतात, आम्ही पालन केलं, हा पंचनामा. आणि ते चूकही नसतात. पुन्हा अडवणं ही नवी घटना ठरते आणि तुम्ही पुन्हा पहिल्या पायरीवर. म्हणून पंचनाम्याच्या दिवशी घाईत सही करू नका. त्यात गट नंबर, कोणत्या दिशेचा धुरा, कुठून कुठपर्यंत आणि किती फूट रुंद, हे आकड्यांत लिहिलेलं असावं. हातनकाशा असावा. शेजारच्याची बंडी (बैलगाडी) मागून आणा आणि सगळ्यांच्या देखत भरल्या बंडीने त्या वाटेने आत जाऊन बाहेर या, आणि ‘बंडी नेऊन खात्री केली’ हे वाक्य पंचनाम्यात घालायला लावा. रुंदी कमी भरली तर सहीच्या वर ‘आठ फुटांऐवजी पाच फूट, हरकत आहे’ असं पोराच्या हाताने लिहा आणि मग सही करा. त्यानंतर लगेच सातबाऱ्याच्या इतर हक्कांत रस्त्याची नोंद घ्यायचा अर्ज द्या, आणि ग्रामपंचायतीत शासनाच्या शेत-पाणंद रस्त्यांच्या योजनेत हा रस्ता घ्या म्हणून मागणी करा. एकदा मुरूम पडला आणि रोलर फिरला की तिथे वखर चालत नाही.

नागपूरला दर तारखेला जायची गरज नाही, वकील पुरेसे आहेत. शपथपत्रावर सही करायला एकदा जावं लागेल, तेही कधी कधी तालुक्यालाच होतं. एक तारीख मात्र वकिलांकडून आधी कळवून घ्या, सरकारी बाजू पालनाचं शपथपत्र दाखल करेल ती. त्याची प्रत त्याच दिवशी व्हॉट्सॲपवर मागवा, ती घेऊन पोराला टेपासकट वावरात पाठवा, आणि त्याचा फोन येईपर्यंत वकिलांना ‘समाधान झालं’ म्हणू देऊ नका.